हवा कोंडून वीज साठवता येते का? आणि मग त्या हवेची ऊब कुठे ठेवायची?

भोसरीकर | शनिवार, रात्री १०:१०

नमस्कार मंडळी,

मंगळवारी दुपारी आमच्या शॉपमधली लाइट गेली. कंप्रेसर थांबला, पण रिसीव्हरमध्ये, म्हणजे हवेच्या टाकीत, ८ बार दाबानं हवा भरलेली होती. असेंब्लीवर नवीन लागलेला आयटीआयचा मुलगा न्यूमॅटिक गन घेऊन उभा होता. त्यानं उरलेले नट त्याच हवेवर आवळले आणि काम हातावेगळं करूनच बाहेर आला. मग मला विचारतो, "सर, टाकीतल्या हवेवर गन चालते, तर गावाची वीज अशी का नाही साठवत?"

"होत नाही" म्हणून त्याला वाटेला लावलं असतं तर ते खोटं ठरलं असतं. होतं, जर्मनीत १९७८ पासून होतंय. पण पुढं सांगायला गेलो तेव्हा माझंच अर्धं उत्तर कच्चं निघालं. म्हणून रात्री बसून नीट मांडतोय.

आधी आमच्या टाकीचा हिशोब. ५०० लिटरचा रिसीव्हर, ८ बार. त्यातून जास्तीत जास्त किती काम निघेल हे कागदावर काढलं, तर साधारण ०.१६ युनिट. म्हणजे एका युनिटचा सहावा हिस्सा. घरच्या इन्व्हर्टरची १२ व्होल्ट १५० एएच बॅटरी कागदावर १.८ युनिट धरते. पुरुषभर उंचीची लोखंडी टाकी त्या बॅटरीच्या दहाव्या हिश्श्यालाही पुरत नाही. मुलाला हे सांगितलं तर तो म्हणाला, "मग टाकी मोठी घ्या." बरोबर बोलला. जर्मनांनी नेमकं तेच केलं, फक्त टाकी लोखंडाची न करता जमिनीखाली मिठात केली.

उत्तर जर्मनीत एल्सफ्लेथजवळ हुन्टॉर्फ नावाचं ठिकाण आहे. तिथं जमिनीखाली सुमारे ६५० ते ८०० मीटरवर मिठाच्या थरात दोन पोकळ्या आहेत, मिळून ३ लाख घनमीटरच्या वर. रात्री वीज स्वस्त आणि मुबलक असताना ६० मेगावॉटचे कंप्रेसर चालवून त्यात हवा भरायची, साधारण ७० बारपर्यंत. मागणी चढली की तीच हवा टर्बाइनवर सोडायची आणि २९० मेगावॉट वीज दोन-तीन तास काढायची. पुढे नूतनीकरणानंतर क्षमता ३२१ मेगावॉट झाली. दुसरं केंद्र अमेरिकेत अलाबामातल्या मॅकिंटॉशला, १९९१ सालचं, ११० मेगावॉट, पण भरलेली पोकळी २६ तास पुरते. कित्येक वर्षं जगात एवढीच दोन मोठी केंद्रं होती.

आता ऊब. ज्यांनी पिस्टन कंप्रेसरवर काम केलंय त्यांना हे हातानं माहीत आहे. दोन टप्प्यांच्या मधला तो पंखदार पाइप, इंटरकूलर, त्याला चुकून मनगट लागलं की फोड येतो. हवा दाबली की तापते. आणि गन अर्धा तास सलग चालवली की तिची मूठ हिवाळ्यातल्या नळासारखी गार पडते, कारण सुटलेली हवा थंड होते. एकाच टप्प्यात २० अंशांची हवा ७० बारपर्यंत दाबली आणि उष्णता जराही बाहेर जाऊ दिली नाही, तर ती ७०० अंशांच्या वर जाईल. एवढी तापलेली हवा मिठात सोडता येत नाही, म्हणून हुन्टॉर्फमध्ये ती टप्प्याटप्प्यानं गार करून मगच खाली सोडतात. म्हणजे कंप्रेसरला घातलेल्या विजेचा मोठा वाटा तिथंच वातावरणात जातो.

संध्याकाळी मात्र ही गार हवा तशीच टर्बाइनमध्ये सोडली तर पात्यांवर बर्फ धरेल. म्हणून ती नैसर्गिक वायू जाळून परत तापवतात. रात्री फेकलेली ऊब संध्याकाळी विकत घ्यायची, असा हा कारभार. माझ्या मते या विषयाचं मूळ इथं आहे. हवा साठवणं सोपं आहे, तिची ऊब सांभाळणं अवघड.

जाणकारांनी भर घालावी. आपल्याकडे असं काही होऊ शकेल का, हा माझा खरा प्रश्न.

हिशेबी | शनिवार, रात्री ११:०२

लेख आवडला. पण आकडे पूर्ण मांडू या. हुन्टॉर्फमध्ये १ युनिट वीज बाहेर काढायला साधारण ०.८ युनिट वीज आणि १.६ युनिट गॅसमधली उष्णता लागते. बेरीज २.४. म्हणजे कार्यक्षमता ४२ टक्के.

तोच १.६ युनिट गॅस आजच्या चांगल्या कंबाइंड सायकल केंद्रात (गॅस टर्बाइनच्या गरम धुरावर वाफेचीही टर्बाइन चालवणाऱ्या) जाळला तर एकट्या गॅसमधून ०.९ युनिटच्या आसपास वीज मिळेल. मग ती ०.८ युनिट वीज खड्ड्यात घालून मी मिळवलं काय? घाटघरसारख्या पंप साठवणुकीत (पाणी पंपानं वर चढवायचं आणि हवं तेव्हा खाली सोडायचं) घातलेल्या विजेपैकी तीन चतुर्थांशाहून जास्त परत मिळते, बॅटरीत त्याहूनही जास्त. मला हवेवाल्यांचा राग नाही, पण हा प्रश्न टाळून पुढं जाता येणार नाही.

भोसरीकर | शनिवार, रात्री ११:४०

टाळत नाही. तुमचा आकडा बरोबर आहे आणि आज नवीन हुन्टॉर्फ बांधायला निघालो तर तो मारकच ठरेल. पण १९७८ मध्ये तुलना कशाशी होती ते बघा. साध्या गॅस टर्बाइनमध्ये पात्यांवर जेवढी ताकद तयार होते, तिचा साधारण दोन तृतीयांश वाटा स्वतःचाच कंप्रेसर ओढतो. बाहेर जनरेटरला उरतो एक तृतीयांश. हुन्टॉर्फमध्ये कंप्रेसरचं काम आदल्या रात्रीच उरकलेलं असतं, म्हणून संध्याकाळी टर्बाइनची सगळी ताकद जनरेटरला जाते. तेवढ्याच गॅसमध्ये दुपटीहून जास्त वीज. म्हणजे ही गॅस टर्बाइनच आहे, फक्त तिची दोन अंगं वेगवेगळ्या वेळी चालतात. असं पाहिलं की मग ते अडाणीपणाचं वाटत नाही.

मॅकिंटॉशमध्ये एक सुधारणा केली. टर्बाइनमधून बाहेर पडणाऱ्या गरम वायूनं आत येणारी हवा आधी तापवायची. तेवढ्यानं गॅस १.६ वरून १.१७ वर आला, वीज ०.६९. कार्यक्षमता ५४ टक्के.

भारप्रेषक | रविवार, सकाळी ७:२५

मी निवृत्त आहे. आयुष्यातली बरीच वर्षं लोड डिस्पॅचमध्ये, म्हणजे विजेची मागणी आणि पुरवठा जुळवणाऱ्या नियंत्रण कक्षात गेली, त्यामुळे थोडं वेगळ्या बाजूनं लिहितो.

हिशेबी साहेब युनिटं मोजत आहेत. आम्ही खुर्चीत बसून युनिटं मोजत नव्हतो, मिनिटं मोजत होतो. समोर फ्रिक्वेन्सीचा आकडा, ४९.९० ते ५०.०५ या पट्ट्यात ठेवायचा. संध्याकाळी सूर्य उतरतो, घराघरांत दिवे लागतात, आणि आता तर छतांवरची आणि माळांवरची सौरवीज त्याच तासाभरात नाहीशी होते. त्या वेळी कोळशाचा संच "चढव" म्हटला तरी सावकाशच चढतो. आम्ही फोन उचलायचो तो कोयनेला. कोयना काही मिनिटांत उभी राहते. पण कोयनेचं पश्चिमेकडे सोडायचं पाणी वर्षाला ६७.५ टीएमसीला बांधलेलं आहे, आणि ते एकदा वाशिष्ठीत उतरलं की परत वर येत नाही. मे महिन्यात एकेक तास जपून वापरावा लागायचा. साठवणूक कशासाठी हवी, हे तिथं बसल्यावर कळतं.

हुन्टॉर्फबद्दल एक गोष्ट धाग्यात आली नाही. ते केंद्र बांधण्यामागं ब्लॅक स्टार्ट हाही हेतू होता. अख्खं ग्रिड काळोखात गेलं तर कुठल्याच मोठ्या औष्णिक केंद्राला स्वतःच्या पायावर उठता येत नाही, त्याचे पंप-पंखे चालवायला बाहेरून वीज लागते. अणुकेंद्राच्या बाबतीत तर हे फारच महत्त्वाचं. हुन्टॉर्फजवळच उंटरवेझर अणुकेंद्र होतं. जमिनीखालची हवा ग्रिडची वाट पाहत नाही, झडप उघडली की टर्बाइन फिरते. दहा-अकरा मिनिटांत पूर्ण भार.

३० आणि ३१ जुलै २०१२ ला उत्तर भारत कसा बसला ते आठवा, किंवा १२ ऑक्टोबर २०२० ची मुंबई. त्या दिवशी कुणी कार्यक्षमता ४२ आहे की ५४ असं विचारत नाही.

वेझरकाठ | रविवार, दुपारी १:५०

मी हुन्टॉर्फपासून सायकलच्या अंतरावर राहते. 😊 हा धागा बघून फार आनंद झाला, इकडच्या ओळखीच्या जर्मन लोकांनाही हे केंद्र माहीत नसतं!

बाहेरून बघण्यासारखं काही नाही, हेच त्याचं विशेष. सगळा मुलूख तळहातासारखा सपाट. कुरणं, पाणी काढायला खणलेले सरळ चर, गाई, आणि जिकडे बघाल तिकडे पवनचक्क्या. मध्येच एक साधी औद्योगिक इमारत. पोकळ्यांच्या डोक्यावर कुंपणात विहिरीची तोंडं, बाकी गवत. आपण उभे असतो त्या गवताखाली दीडशे मीटर उंचीची पोकळी आहे, हे समजल्यावर पाय जरा जपून पडतात.

मुळात हे केंद्र रात्रीच्या जास्तीच्या विजेसाठी होतं. आता भोवती एवढा वारा आहे की जास्तीची वीज दिवसा-रात्री केव्हाही होते. केंद्र तेच, त्याचं काम बदललं.

माळरान | रविवार, रात्री ८:१५

मी जत तालुक्यातला शेतकरी. डाळिंब आहे. ५ एचपीचा सौरपंप आहे. विहिरीत पाणी कमी असलं की दुपारी दीड-दोन तासांत पंप कोरडा पडतो, मग पॅनल नुसते तापत बसतात. शेजारी एक ३०० फुटी कोरडी बोअर आहे. तोंड पॅक करून तिच्यात हवा भरून ठेवली, तर रात्री मोटर नाही पण निदान घरचे दिवे चालतील का? प्रश्न अडाण्याचा वाटला तरी सांगा.

कातळरेषा | रविवार, रात्री ९:३०

माळरान दादा, प्रश्न अजिबात अडाण्याचा नाही, हायड्रोस्टोर नावाची कॅनडातली कंपनी असाच विचार करून कोट्यवधींचे प्रकल्प आखते. पण बोअरमध्ये हवा भरू नका. हात जोडून सांगते.

मी भूशास्त्र शिकवते. साडेसहा इंची, ३०० फुटी बोअरचं पोट जेमतेम २ घनमीटर. ८ बारला भरली तरी कागदावर पाऊण युनिटच्या आतच. आणि ती हवा आत राहणार नाही. आपला खडक म्हणजे लाव्ह्याच्या थरांवर थर. विहीर खणणाऱ्यांना विचारा, ते काळा पाषाण आणि मांजऱ्या खडक असा फरक करतात. मांजऱ्यात बुडबुड्यांच्या पोकळ्या, त्यांत पांढरे खडे. दोन लाव्ह्यांच्या मध्ये तांबड्या मातीचा पट्टा. शिवाय उभ्या भेगा. ज्या वाटांनी विहिरीला पाणी येतं, त्याच वाटांनी हवा जाईल. आणि केसिंग, म्हणजे बोअरच्या तोंडाचा पाइप, वर उडालं तर जीव जाईल.

आता मीठ का, ते सांगते. मीठ खोलवर दाबाखाली घट्ट पिठासारखं हळूहळू सरकतं. भेग पडली तर तीच भरून येते. पाणी सोडून मीठ विरघळवायचं आणि खारं पाणी उपसायचं, पोकळी तयार. १ घनमीटर पोकळीला ७-८ घनमीटर गोडं पाणी लागतं, हे मात्र लक्षात ठेवावं लागतं. हुन्टॉर्फच्या पोकळ्यांची वीसेक वर्षांनी मोजणी केली तेव्हा आकार जवळजवळ तसाच होता. त्रास दिला तो पाइपांनी. दमट, खारट हवेनं पोलाद खाल्लं.

मीठ सोडून दुसरा खडक घेतला की काय होतं याचं उदाहरण अमेरिकेतल्या आयोवाचं. २७० मेगावॉटचा प्रकल्प, पाण्यानं भरलेल्या वालुकाश्मात हवा ढकलायची अशी कल्पना. आठेक वर्षं अभ्यास झाला आणि २०११ मध्ये सोडून दिला, कारण त्या वालुकाश्मातून हवा हव्या त्या वेगानं आत-बाहेर होईना. माझ्या विद्यार्थ्यांना मी हा प्रकल्प आवर्जून सांगते. यंत्रं नीट होती, पैसा होता, खडकानं नाही म्हटलं.

भोसरीकर | रविवार, रात्री १०:०५

ताईंच्या बोलण्याला माझी जोड. माळरान दादा, ८ बार ऐकायला लहान वाटतं. आमच्या रिसीव्हरला सेफ्टी व्हॉल्व्ह असतो, ठरलेल्या मुदतीत हायड्रो टेस्ट (पाणी भरून दाबाची चाचणी) होते, आणि तरीही त्याच्या शेजारी कुणी डबा खायला बसलं तर मी उठवतो. घरगुती प्रयोग नको.

माळरान | सोमवार, सकाळी ६:४०

समजलं. बोअर तशीच राहू दे. मग आमच्याकडे वरच्या अंगाला शेततळं आहे, विहीर भरलेली असते त्या महिन्यांत दुपारी पाणी त्यात चढवतो आणि सकाळी उतारानं ठिबकला सोडतो, तेही साठवणूकच झाली म्हणायची ना?

भारप्रेषक | सोमवार, सकाळी ८:१०

झालीच. तुमची वीज पाण्याच्या रूपात वर बसली. घाटघरला हेच होतं. वर अकोले तालुक्यात घाटघरचं धरण, खाली शहापूर तालुक्यात चोंढे, मध्ये सुमारे ४०० मीटरचा कडा. १२५ मेगावॉटचे दोन संच, २००८ पासून. मागणी नसताना पाणी वर, संध्याकाळी खाली. त्या उंचीवरून १ घनमीटर पाणी उतरलं की साधारण १ युनिट.

हिशेबी | सोमवार, सकाळी ११:२०

हेच मला म्हणायचं होतं. आपल्याला सह्याद्रीनं ४००-५०० मीटरचे कडे दिलेत. ज्यांच्याकडे कडे नाहीत आणि पायाखाली मीठ आहे, त्यांनी हवा साठवावी. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०२३ च्या राष्ट्रीय विद्युत आराखड्यात २०३१-३२ साठी सुमारे ७४ गिगावॉट साठवणूक लागेल असं म्हटलंय. त्यातली २७ च्या आसपास पंप साठवणूक, ४७ बॅटरी. हवेचा रकानाच नाही.

वेझरकाठ | सोमवार, सायंकाळी ५:००

पण चीनमध्ये मोठा रकाना आहे! झांगजियाकोऊला १०० मेगावॉट २०२२ मध्ये. मग २०२४ मध्ये हुबेईतल्या यिंगचेंगला जुन्या मिठाच्या खाणीत ३०० मेगावॉट, आणि शानडोंगमधल्या फेइचेंगलाही ३०० मेगावॉट. गॅस अजिबात जाळत नाहीत. हवा दाबताना निघालेली उष्णता वेगळ्या टाक्यांत धरून ठेवतात आणि संध्याकाळी तीच हवेला परत देतात. कार्यक्षमता ७० टक्क्यांच्या आसपास असल्याचं ते सांगतात. भोसरीकर, तुम्ही पहिल्या पोस्टमध्ये जो प्रश्न टाकला त्याचं हे उत्तर ना?

भोसरीकर | सोमवार, रात्री ९:४५

हो, हेच. आणि ७० टक्के खरोखर रोजच्या रोज मिळत असतील तर हिशेबी साहेबांचा परवाचा हल्ला हुन्टॉर्फवर लागू पडतो, यांच्यावर नाही. जर्मनांनीही असाच गॅसशिवायचा एक प्रकल्प, आडेले नावाचा, आखला होता. तो कागदावरच राहिला. एवढी तापलेली हवा सहन करणारे कंप्रेसर आणि रोज तापून-गार होऊन न तडकणारी उष्णतेची टाकी, ही दोन्ही दुखणी साधी नाहीत. बरेच जण मग टप्प्याटप्प्यानं दाबून मधल्या तापमानाची उष्णता तेलात किंवा पाण्यात धरतात. शे-दोनशे अंशांची उष्णता आपल्या ओळखीच्या यंत्रांना झेपते.

कातळरेषा ताई, एक विचारतो. कोयनेचं वीजघर तर डोंगराच्या पोटातच आहे, बेसॉल्टमध्ये. विशाखापट्टणम, मंगळुरू आणि पाडूरला कच्चं तेल खडकातल्या गुहांत साठवतात. मग कठीण खडकात हवा का नाही?

कातळरेषा | मंगळवार, दुपारी ३:३०

उत्तम प्रश्न. तेलाच्या गुहांना अस्तर नसतं. भोवतालचं भूजल आतल्या तेलापेक्षा जास्त दाबानं आत ढकलत राहतं, म्हणून तेल बाहेर जात नाही. तेलाला दाब कमी असतो, त्यामुळे थोड्या खोलीवर भागतं. ७० बार हवेला हेच तत्त्व लावायचं तर पाण्याचा ७०० मीटरचा स्तंभ हवा, म्हणजे तेवढं खोल जावं लागेल. नाहीतर गुहेला आतून पोलादी अस्तर द्यावं लागेल.

हायड्रोस्टोर पहिली वाट धरते. गुहेच्या डोक्यावर जमिनीवर तळं, दोन्ही जोडलेले. हवा आत गेली की पाणी वर, हवा बाहेर पडली की पाणी खाली, त्यामुळे दाब सारखा राहतो. ओन्टारिओत गोडरिचला २०१९ मध्ये लहानसं केंद्र उभं केलं. ऑस्ट्रेलियात ब्रोकन हिलला २०० मेगावॉट, ८ तासांचा प्रस्ताव आहे, तिथला खडक मीठ नाही, खाणीचा कठीण खडक आहे. माझं सगळं लक्ष त्यावर आहे. तिथं जमलं तर "मीठ असेल तरच" हे वाक्य मला वर्गात बदलावं लागेल.

आपल्याकडे ७०० मीटरला काय लागेल? कोयनेजवळ गोठण्याला ३ किलोमीटर खोल विवर घेतलं, त्यात बेसॉल्ट सव्वा किलोमीटर जाडीचा निघाला, खाली ग्रॅनाइट. म्हणजे सह्याद्रीत आपण बेसॉल्टमध्येच असू. त्यात एकसंध काळ्या पाषाणाचा जाड थर सापडला तर गुहा खणता येईल, पण वर-खाली मांजऱ्या नको आणि तांबडा पट्टा नको. असा थर शोधण्यापेक्षा वरचा कडा वापरणं आज तरी शहाणपणाचं आहे. भारतात मीठच हवं असेल तर राजस्थानात बिकानेर-नागौर पट्ट्यात जमिनीखाली मिठाचे थर आहेत. सूर्यही तिथंच आणि मीठही तिथंच. अडचण गोड्या पाण्याची.

भारप्रेषक | मंगळवार, सायंकाळी ६:५५

बिकानेरचं वाचून बराच वेळ विचार करत बसलो. दुपारची सौरवीज तिथल्या तिथे साठली तर तारांवरचा दुपारचा ताण जाईल. पाण्याचं कोडं खारं भूजल वापरून किती सुटतं, हे कुणीतरी बसून तपासायला हवं.

भोसरीकर | रविवार, सायंकाळी ७:३०

आठवडाभरानं परत आलोय. धाग्यामुळे एक काम झालं ते सांगतो.

आज शॉप बंद होता. मी आणि तो मुलगा दोघंच गेलो. कंप्रेसर चालवून रिसीव्हर ७ बारला आणला, कंप्रेसर बंद केला, सगळी मशिन बंद, आणि घड्याळ लावून गेजसमोर उभे राहिलो. ७ वरून ५ ला यायला ४ मिनिटं लागली. ५०० लिटरची टाकी, २ बार, म्हणजे १००० लिटर मोकळी हवा ४ मिनिटांत गायब. साधारण ९ सीएफएम (मिनिटाला ९ घनफूट). त्यासाठी कंप्रेसर सव्वादोन एचपी ओढतो. दोन पाळ्यांचे १६ तास धरले तर रोज २६ युनिटं, कुणी एक नट न आवळता.

मग साबणाचं पाणी घेऊन लाइनवर फिरलो. सात ठिकाणी फेस आला. चार क्विक कपलिंग, एका एफआरएलचा (हवेच्या फिल्टर-रेग्युलेटरचा) बाउल, पीयू पाइपला पडलेली एक चीर, आणि ड्रेन कॉक, जो आम्ही सगळे रोज हातानं बंद करून "बंद आहे" म्हणत होतो. मुलानं स्वतः सगळं उघडून बसवलं. दुपारी पुन्हा चाचणी घेतली. ७ वरून ५ ला यायला ११ मिनिटं.

त्यानं वहीत दोन्ही वेळा लिहून घेतल्या आणि खाली इंटरकूलरच्या पाइपाचं चित्र काढलं. उद्या तिथं थर्मामीटर बांधायचा म्हणतोय. मी त्याला जुन्या बॉक्समधला थर्मोकपल, तापमान मोजायची तार, काढून दिलाय. आकडे आले की इथं टाकतो.